विदूषकी आणि शारीर रंगभूमी : पूर्णवेळ व्यवसाय म्हणून

तिसरी घंटा (धागाकर्ता)

एकांकिका स्पर्धांचा हंगाम संपला की 'अंगाने बोलणारा नट' म्हणून नाव झालेली काही मुले-मुली दरवर्षी एकच प्रश्न घेऊन येतात : विदूषकी आणि शारीर रंगभूमी (शब्दांपेक्षा देहाच्या हालचालींतून घडणारे नाटक) यांचे रीतसर शिक्षण घेतले, तर त्यावर आयुष्य काढता येईल का? त्याचे उत्तर येथे जरा विस्ताराने मांडतो. ही कला शिकून कोणी भूमिका देईल म्हणून वाट पाहत बसणारा नट या क्षेत्रात टिकत नाही. ज्याने स्वतःचा प्रयोग रचला, तो स्वतः घेऊन फिरला आणि वर्षानुवर्षे तासला, तोच टिकतो. या कलेचे चांगले शिक्षणही माणसाला मुख्यतः त्याच कामासाठी तयार करते, पण प्रवेश घेताना ही गोष्ट फारशी कोणी लक्षात घेत नाही.

आज जगभर शारीर रंगभूमीचे जे शिक्षण दिले जाते, त्याचा मोठा भाग झाक लकॉक (१९२१–१९९९) यांच्या पॅरिसमधल्या शाळेतून आलेला आहे. लकॉक मूळचे व्यायाम आणि क्रीडा शिकवणारे. दुसऱ्या महायुद्धानंतर ग्रनोबलला झाँ दास्ते यांच्या नाटकमंडळीत त्यांची मुखवट्याशी ओळख झाली. १९४८ पासून आठ वर्षे ते इटलीत होते. तेथे पादुआमध्ये शिल्पकार अम्लेतो सार्तोरी यांच्यासह त्यांनी चामड्याच्या तटस्थ मुखवट्यावर काम केले आणि मिलानच्या पिकोलो तेआत्रोची नाट्यशाळा उभी करण्यात भाग घेतला. ५ डिसेंबर १९५६ रोजी त्यांनी पॅरिसमध्ये स्वतःची शाळा सुरू केली आणि १९७६ मध्ये ती फोबूर सँ-दनी रस्त्यावरच्या एका जुन्या मुष्टियुद्धाच्या आखाड्यात हलवली. अभ्यासक्रम दोन वर्षांचा असतो. पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यांपैकी साधारण एक-तृतीयांशच दुसऱ्या वर्षाला घेतले जातात, ही गोष्ट प्रवेश घेताना प्रत्येकाने नीट समजून घ्यावी.

या अभ्यासक्रमाचा क्रम मला फार महत्त्वाचा वाटतो. सुरुवातीला तटस्थ मुखवटा येतो. त्यावर कोणताही भाव नसतो, आणि तो चढवला की चेहऱ्यावर भागवून नेण्याची नटाची सवय एका क्षणात निकामी होते. खांदे आधीच उचललेले आहेत, गुडघे कुलूप लावल्यासारखे ताठ आहेत, थांबायचे असताना वजन डाव्या पायावर सरकते आहे, हे सगळे समोर बसलेल्यांना लख्ख दिसते. नट आयुष्यभर ज्या लकबी 'मी' म्हणून वागवत आला, त्या येथे एकेक करून उघड्या पडतात. मग वेगवेगळे मुखवटे, मेलोड्रामा, कोमेदिया देल आर्ते (इटलीचे मुखवट्यांचे उत्स्फूर्त विनोदी नाटक), बुफाँ (समाजाची टिंगल करणारी विद्रूप सोंगे), ग्रीक शोकांतिका असा प्रवास होतो आणि अगदी शेवटी विदूषकाचे लाल नाक येते. लकॉक त्याला जगातला सर्वांत लहान मुखवटा म्हणत. तटस्थ मुखवट्याने ज्या लकबी दोष म्हणून दाखवल्या होत्या, त्याच आता विदूषकाचे भांडवल होतात. उचललेला खांदा लपवायचा नसतो. तो थोडा अधिक उचलायचा असतो आणि त्यातून चाल, चालीतून स्वभाव, स्वभावातून प्रसंग शोधायचा असतो. म्हणूनच दोन-तीन दिवसांच्या कार्यशाळेत थेट लाल नाक वाटले जाते, तेव्हा मला वाईट वाटते. अगोदरचे काही न करता नाक लावले की बहुतेक जण लहान मुलाचा आवाज काढतात आणि बोबडे बोलू लागतात.

विदूषकीचा हा मार्ग लकॉक यांना कसा सापडला, हे त्यांनी स्वतः लिहून ठेवले आहे. १९६० च्या दशकात त्यांनी विद्यार्थ्यांना सर्कसच्या रिंगणासारखे गोल बसवले आणि एकेकाने मधे येऊन सर्वांना हसवावे, असे सांगितले. विद्यार्थ्यांनी कोलांट्या मारल्या, कोट्या केल्या, खोड्या काढल्या, पण कोणीही हसले नाही. शेवटी हताश होऊन, ओशाळे होऊन ते जागेवर परत जाऊ लागले, आणि त्या ओशाळलेल्या चालण्याला सगळे हसले. पडलेला विनोद लपवण्याऐवजी तो प्रेक्षकांसमोर तसाच धरून उभे राहता येणे, ही या कलेची पहिली अट आहे. लकॉक यांचे विद्यार्थी आणि पुढे त्यांच्याच शाळेतले शिक्षक फिलिप गोलिए यांनी १९८० मध्ये स्वतःची शाळा काढली आणि याच गोष्टीवर फार कठोरपणे काम केले. नटाचा आनंद संपला आणि नुसती हुशारी उरली, की ते हातातल्या ढोलावर थाप मारत आणि नटाला थांबावे लागे.

आता व्यवसायाकडे वळतो. लकॉक यांच्या शाळेत नेमलेल्या शिक्षकांच्या वर्गांखेरीज रोज एक तास असा असतो, ज्यात विद्यार्थी शिक्षकाशिवाय गट करून दिलेल्या विषयावर स्वतःचे सादरीकरण रचतात आणि आठवड्याच्या शेवटी ते सर्वांपुढे करतात. विषय रस्ता, गाव, निर्वासन असे काहीही असू शकतात. लेखक नाही, दिग्दर्शक नाही, संहिता नाही, आणि गटातल्या भांडणांसकट ठरलेल्या दिवशी काम उभे राहिलेच पाहिजे. या तासाने जितक्या नाटकमंडळ्या जन्माला घातल्या, तितक्या दुसऱ्या कोणत्याही वर्गाने घातल्या नसतील, असे माझे मत आहे. स्वित्झर्लंडची मुम्मेनशान्झ १९७२ मध्ये आणि लंडनची कॉम्प्लिसिते १९८३ मध्ये अशाच सहाध्यायांतून उभी राहिली. आरियान मनूश्किन यांनी १९६४ मध्ये तेआत्र द्यु सोलेय ही संस्था काढल्यावर त्या लकॉक यांच्याकडे शिकायला गेल्या, आणि त्यांच्या मंडळीने १९६९ मध्ये विदूषकांवरच एक नाटक केले. या कोणालाही 'शारीर नट हवा आहे' अशी जाहिरात पाहून काम मिळालेले नाही.

आपल्याकडेही हेच दिसते. रजत कपूर यांनी १९९९ मध्ये 'सी फॉर क्लाउन' केले आणि २००८ मध्ये विदूषकांच्या अगम्य बोलीतला हॅम्लेट उभा केला, तेव्हा शेक्सपिअरच्या शोकांतिका विदूषकाकडून सांगून घेण्याची एक वाट त्यांनी आपली आपण तयार केली आणि त्याच वाटेवर ते पुढेही काम करत राहिले. त्या हॅम्लेटमधले अतुल कुमार यांनी १९९३ मध्ये स्वतःची मंडळी स्थापन केली होती, आणि पुढे कामशेतजवळ राहून तालीम करता येईल अशी जागा उभी केली. वीणापाणी चावला यांनी १९८१ मध्ये मुंबईत 'आदिशक्ती' सुरू केली आणि नंतर ती पुदुच्चेरीजवळ नेली. तेथे श्वास, केरळचे संस्कृत नाट्य कूडियाट्टम् आणि तिथलीच युद्धकला कळरीपयट्टू यांच्या आधारे नटाच्या देहाची स्वतंत्र पद्धत घडली. यांतली प्रत्येक वाट कोणीतरी आधी स्वतः पायाखाली घातली, आणि मगच ती इतरांना शिकता आली.

पैशाबाबत स्पष्ट लिहितो. युरोपात या कलावंताला एक आधार आहे, जो आपल्याकडे नाही. फ्रान्समध्ये कलावंताने बारा महिन्यांत ५०७ तास पगारी काम केल्याचे दाखवले, की मधल्या रिकाम्या काळात त्याला बेकारी भत्ता मिळतो. तालमीचे महिने त्यावर निघतात. पॅरिसहून शिकून आलेल्याला मुंबई-पुण्यात पहिल्या वर्षी सर्वांत जास्त जाणवते ते याच आधाराचे नसणे. आपल्याकडे नाईट, म्हणजे नटाचे मानधन, मिळते ती प्रयोगाची. तालमीचे काही मिळत नाही, आणि शारीर रंगभूमीत एका प्रयोगामागे तालमी फार असतात. पण या कलेची एक जमेची बाजूही आहे. एकट्याचा किंवा दोघांचा प्रयोग एका पेटीत मावतो, त्याला नेपथ्याचा टेम्पो लागत नाही, आणि भाषेचा अडसर कमी असल्याने तो वेंगुर्ल्यात होतो तसा एडिंबरोलाही होतो.

आपले अनुभव आणि मतभेद मोकळेपणाने मांडावेत.

अंधारातला प्रेक्षक

लेख आवडला, पण एक शंका आहे. मराठी रंगभूमीवर अंगाने विनोद करणारे नट काही कमी झालेले नाहीत. फार्समध्ये दाराआड लपणे, धोतर सावरणे, तोंडात घास असताना खोटे बोलणे, हे सगळे आपल्या नटांनी कोणत्याही शाळेत न जाता कमावले. पॅरिसमध्ये दोन वर्षे राहण्याचा खर्च कोणत्याही मध्यमवर्गीय घराला झेपणारा नाही. तो करून येथे नाईटवर काम करायचे असेल, तर हिशेब जुळत नाही. शिवाय आपल्या व्यावसायिक नाटकाचा प्रेक्षक शब्दांवर प्रेम करणारा आहे. शब्दांशिवायचा सव्वा तास तो तिकीट काढून पाहील का?

नारायणगाव फाटा

धागाकर्त्यांनी 'स्वतःचा प्रयोग रचून फिरणारा' म्हणून जे वर्णन केले आहे, ते वाचताना मला सतत तमाशातला सोंगाड्या दिसत होता आणि लेखात त्याचे नाव नसल्याची खंत वाटली. गण झाला, गौळण सुरू झाली, पेंद्या आणि मावशी आली, की पुढचे बहुतेक सगळे उत्स्फूर्त असते. बतावणीची, म्हणजे या विनोदी संवादांची, लिहिलेली संहिता नसते. कोणत्या गावात उभे आहोत, पुढे कोण बसले आहे, पाटील हसतो आहे की चिडला आहे, ते पाहून सोंगाड्या वाक्य टाकतो आणि परतून आलेल्या हशावर पुढचे वाक्य बेततो. समोरचा सरदार जितका ताठ आणि शहाणा, तितका सोंगाड्याचा अडाणीपणा खुलतो. युरोपच्या सर्कशीत पांढऱ्या तोंडाचा रुबाबदार विदूषक आणि त्याच्यासमोरचा गबाळा ऑगस्त अशी जी जोडी असते, तिचे काम याहून वेगळे आहे असे मला वाटत नाही. 'गाढवाचं लग्न' या वगातला दादू इंदुरीकरांचा सावळ्या कुंभार ज्यांनी प्रत्यक्ष पाहिला, ते सांगतात की नुसते प्रवेश करून प्रेक्षकांकडे पाहण्यातही त्यांना हशा मिळत असे. कवलापूरच्या काळू-बाळू या जुळ्या भावांनी तर सारख्या दिसण्याचीच आयुष्यभराची विद्या केली.

व्यवसायाच्या दृष्टीने पाहिले, तर फडाची व्यवस्था समजून घेण्यासारखी आहे. पाडव्याच्या सुमारास नारायणगावात फडांच्या राहुट्या लागतात, गावोगावचे पंच येऊन जत्रेची सुपारी देतात आणि वर्षाच्या कमाईचा मोठा वाटा त्या काही दिवसांत ठरतो. कलावंत हंगामाआधी फडमालकाकडून उचल घेतो आणि ती फेडेपर्यंत त्याचा पाय फडात बांधलेला राहतो. पाऊस लांबला, दुष्काळ पडला किंवा निवडणुकीच्या बंदोबस्तामुळे परवानगी मिळाली नाही, की उचल पुढच्या वर्षावर जाते. तेव्हा 'स्वतःचा प्रयोग घेऊन फिरावे' हे म्हणताना फिरण्याचा धोका कोणाच्या अंगावर पडतो, हेही बोलले पाहिजे. सोंगाड्याकडे कला होती, प्रयोग होता, प्रेक्षक होता, तरीही म्हातारपणी त्याच्या हातात बहुधा काहीच उरले नाही.

तिसरी घंटा

नारायणगाव फाटा, आपले म्हणणे पूर्णपणे मान्य आहे, आणि सोंगाड्याविषयी आपण लिहिल्यामुळे धाग्याचा पाया भक्कम झाला. त्यात थोडी भर घालतो. सिंधुदुर्गातल्या दशावतारात आड-दशावताराच्या, म्हणजे मुख्य आख्यानाआधीच्या भागाच्या, वेळी काळ्या वेषातला संकासुर येतो. तो पौराणिक असुर असूनही मालवणीत गावातल्या गोष्टी बोलतो, आणि रात्र सुरू होण्याआधी प्रेक्षकांना आपलेसे करून घेतो. कूडियाट्टम्‌मधला विदूषक तर याहून पुढे जातो : राजा संस्कृत श्लोक म्हणतो आणि विदूषक तो मलयाळममध्ये उलगडत, वाढवत, समाजाची खरडपट्टी काढत कित्येक रात्री रंगवतो. म्हणजे शब्दप्रधान विदूषकीचीही आपल्याकडे मोठी परंपरा आहे.

'अंधारातला प्रेक्षक' यांच्या शंकेचे उत्तर यातूनच देता येईल. पॅरिसला गेल्याशिवाय ही कला येत नाही, असे मला म्हणायचे नाही. फार्समधला नट अंगाने जे करतो, त्यात परिस्थिती लेखकाने घट्ट विणून दिलेली असते आणि नट ती अचूक वेळेवर पोहोचवतो. विदूषकाला परिस्थिती स्वतःच तयार करावी लागते. ग्रोक हा स्विस विदूषक पियानो वाजवायला बसे, तेव्हा स्टूल पियानोपासून दूर असे. तो स्टूल ओढण्याऐवजी सगळे बळ लावून अवजड पियानो स्टुलाकडे ढकलू लागे. हे सुचण्यासाठी एक विशिष्ट भोळा तर्क मनात वागवावा लागतो, आणि त्या तर्कावर प्रेक्षकाने विश्वास ठेवावा म्हणून ढकलताना खरे वजन दिसावे लागते. त्या वजनाचे शिक्षण देहाला घ्यावे लागते, मग ते आखाड्यात घ्या, मल्लखांबावर घ्या, कळरीत घ्या किंवा पॅरिसमध्ये घ्या.

परदेशी जाण्याआधी देशात काय मिळते ते पाहावे, असाच माझा सल्ला असतो. मुंबईत २०१३ मध्ये सुरू झालेल्या ड्रामा स्कूल मुंबईने गिरगावातल्या मुंबई मराठी साहित्य संघाच्या वास्तूत नट घडवताना देह आणि स्वनिर्मिती यांवर भर दिला. पुदुच्चेरीला आदिशक्तीच्या निवासी कार्यशाळा होतात. ज्यांना बाहेर जायचेच आहे, त्यांनी इनलॅक्स शिवदासानी फाउंडेशन आणि ब्रिटनपुरते चार्ल्स वॉलेस इंडिया ट्रस्ट यांच्या शिष्यवृत्त्यांचे नियम आधी वाचावेत, आणि अर्जात 'मला शिकायचे आहे' एवढेच न लिहिता परत येऊन कोणता प्रयोग रचायचा आहे, ते लिहावे.

सव्वा तास शब्दांशिवाय प्रेक्षक बसेल का, याचे उत्तर प्रयोगागणिक वेगळे येईल. माझा अनुभव असा, की मोठ्या नाट्यगृहाच्या मागच्या रांगेला डोळ्यांतला बारीक बदल दिसत नाही आणि प्रयोग तेथे सांडतो. दीडशे-दोनशे आसनांच्या जागेत तोच प्रयोग उभा राहतो.

वॉर्डातली फेरी

मी रुग्णालयात विदूषकी करते, म्हणून या धाग्यात एक वेगळी बाजू मांडते. या कामाला व्यावसायिक स्वरूप आले ते १९८६ मध्ये न्यूयॉर्कला, जेव्हा बिग ॲपल सर्कसचे एक संस्थापक मायकेल क्रिस्टेनसेन यांनी मुलांच्या रुग्णालयात प्रशिक्षित विदूषकांच्या नियमित फेऱ्या सुरू केल्या. त्यांच्यासोबत काम केलेल्या कॅरोलिन सिमंड्स यांनी १९९१ मध्ये पॅरिसमध्ये 'ल रीर मेदसँ' ही संस्था काढली. तेथे फेरीवर जाणारे सगळे व्यावसायिक नट असतात आणि त्यांना त्या कामाचे मानधन मिळते. ही शेवटची गोष्ट मी मुद्दाम लिहिते आहे, कारण दिल्लीतल्या क्लाउनसेलर्ससारख्या गटांनी आपल्या देशात या कामाची ओळख करून दिली असली, तरी ते बहुतांशी स्वयंसेवेने चालते आणि त्यामुळे प्रशिक्षणाचा आग्रह धरणे कठीण जाते.

बाहेरून पाहणाऱ्याला वाटते, की रंगीत कपडे घालून जावे आणि मुलांना फुगे द्यावेत. प्रत्यक्षात फेरीची सुरुवात परिचारिकेकडून प्रत्येक खाटेची माहिती घेण्यापासून होते : कोणाला हसल्याने टाके दुखतील, कोणाला उपाशी ठेवले आहे, कोणाच्या घरचे नुकतेच वाईट बातमी ऐकून बसले आहेत. आम्ही नेहमी दोघे जातो, म्हणजे मुलाला आमच्याशी खेळायचे नसेल तर आम्ही आपसांत खेळतो आणि तो नुसता पाहू शकतो. दाराशी थांबून परवानगी विचारतो, आणि 'नाही' म्हटले तर खरोखरच निघून जातो. रुग्णालयात मुलाच्या हातात कसलाच निर्णय नसतो. सुई कधी टोचायची, काय खायचे, घरी केव्हा जायचे, सगळे दुसरे ठरवतात. विदूषकाला हाकलून देणे हा त्याने दिवसभरात घेतलेला पहिला निर्णय असू शकतो. वॉर्डात ज्याला सर्वांत कमी कळते, असा माणूस विदूषक असला पाहिजे, म्हणजे दार कोणत्या बाजूला उघडते हेही त्याला मुलाने शिकवावे लागते. धागाकर्त्यांनी सांगितलेले ओशाळेपण येथे अक्षरशः उपयोगी पडते.

२००५ मध्ये फ्लॉरेन्सच्या मुलांच्या रुग्णालयातला एक अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यात ४० मुले होती. शस्त्रक्रियेआधी भूल देताना आईवडिलांसोबत विदूषकही असलेल्या मुलांची भीती इतरांपेक्षा कमी आढळली. मात्र विदूषकांमुळे कामात अडथळा येतो, असे तिथल्या बहुतेक कर्मचाऱ्यांचे मत पडले. मला हा दुसरा निष्कर्ष पहिल्याइतकाच महत्त्वाचा वाटतो. डॉक्टर-परिचारिकांच्या कामाची लय ओळखणे हे या व्यवसायातले कौशल्य आहे, आणि ते प्रेमाने किंवा सदिच्छेने आपोआप येत नाही. आपल्या सरकारी रुग्णालयांत तर स्वतंत्र खोल्या नसतात. एका खाटेशी केलेला खेळ सगळा वॉर्ड पाहतो, नातेवाईक मोबाइल काढतात, आणि त्या गर्दीत एका मुलाशीच संधान राखणे फार अवघड असते. यासाठी लागणारी तयारी रंगमंचावरच्या नटाच्या तयारीपेक्षा कमी नाही, तेव्हा तिचे पैसे मिळाले पाहिजेत, हे मी आग्रहाने म्हणेन.

कृष्णाकाठ

सर्कशीचा उल्लेख झाला म्हणून थोडे लिहितो. भारतीय सर्कशीचा आरंभ १८८० मध्ये आपल्याच विष्णुपंत छत्र्यांनी केला. पुढे केरळमधल्या तलश्शेरीला कीलेरी कुञ्ञिकण्णन यांनी सर्कशीचे प्रशिक्षण सुरू केले आणि कसरतपटूंची मोठी परंपरा तेथे घडली. पण जोकरला शिकवण्याची व्यवस्था आपल्या सर्कशीत कधी उभी राहिली नाही. दोन कसरतींमध्ये जाळी बांधायला, झुले लावायला जो वेळ लागतो, तो भरून काढण्यासाठी जोकर आत येई. बुटक्या माणसांना उंचीमुळेच या कामावर घेतले गेले आणि त्यांचा विनोदही त्यांच्या उंचीपाशीच अडवून ठेवला गेला. त्यांच्यातल्या कित्येकांकडे वेळेची अप्रतिम जाण होती, ती मी लहानपणी सांगलीत तंबूत बसून पाहिली आहे. रशियात १९२७ मध्ये मॉस्कोला सर्कशीची सरकारी शाळा निघाली आणि युरी निकुलिन यांच्यासारखा विदूषक पुढे मॉस्कोच्या सर्कशीचा संचालक झाला. आपल्याकडे १९९८ च्या अधिसूचनेने वाघ-सिंह सर्कशीतून गेले, २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुलांना सर्कशीत कामाला ठेवण्यास मनाई केली, आणि हे दोन्ही निर्णय योग्यच होते. त्यानंतर सर्कशीला उभे राहण्यासाठी विदूषकाचाच आधार घेता आला असता. फ्रान्स आणि कॅनडामध्ये प्राण्यांवाचूनच्या सर्कशीने तेच केले. आपल्याकडे तो विचार फार थोड्यांनी केला.

ठाण्याची आई

माझी मुलगी एकवीस वर्षांची आहे आणि तिला हेच शिकायचे आहे. मी तिला अडवणार नाही, पण दोन गोष्टी विचारायच्या आहेत. पडणे, आपटणे, कोलांट्या यांनी शरीराचे कायमचे नुकसान होते का? आणि चाळिशीनंतर या कलेत काम राहते का?

तिसरी घंटा

ठाण्याची आई, दोन्ही प्रश्न अत्यंत योग्य आहेत आणि प्रत्येक विद्यार्थ्याच्या घरी ते विचारले गेले पाहिजेत.

पडण्याचे तंत्र शिकवता येते आणि ते शिकल्याशिवाय पडू नये. हनुवटी छातीशी, श्वास बाहेर, आणि वजन मनगटावर किंवा कोपरावर एकदम न घेता पोटरी, मांडी, नितंब, पाठीची बाजू असे क्रमाने जमिनीला देत जाणे, हे चटईवर सावकाश आणि मगच फळ्यांवर करायचे असते. थोबाडीत मारणाऱ्याचा हात गालाला लागत नाही. आवाज बहुधा मार खाणारा स्वतःच्या हातांनी काढतो. कोमेदियात दोन फळ्या जोडलेली काठी होती, पंजाबच्या भांड नावाच्या नकलाकारांकडे चामड्याचा चमोटा असतो. दोन्हींचा उद्देश हाच, की आवाज मोठा व्हावा आणि इजा कमी व्हावी. मुलगी ज्या वर्गाला जाणार असेल, तेथे हे कोण शिकवते, चटया आहेत का, आणि दुखापत झाली तर खर्च कोण करतो, ते प्रवेशाआधी लेखी विचारावे. अनेक तालमी फरशीवर होतात. तेथे उड्या मारू नयेत, मग दिग्दर्शक कितीही मोठा असो.

वयाबद्दल दोन उदाहरणे देतो. लंडनचे जोसेफ ग्रिमाल्डी (१७७८–१८३७) हे आधुनिक विदूषकाचे मूळपुरुष मानले जातात. त्यांचे काम उड्यांचे, मारामारीचे, रंगमंचातल्या चोरदारांतून पडण्याचे होते. चाळिशीच्या मध्यावरच सांध्यांनी साथ सोडली, त्यांना काम थांबवावे लागले, आणि १८२८ मधल्या निरोपाच्या प्रयोगात ते खुर्चीवर बसून गायले. याउलट ज्यांच्या पियानोविषयी वर लिहिले आहे, त्या ग्रोक यांनी १९५४ मध्ये हॅम्बुर्गला शेवटचा प्रयोग केला, तेव्हा ते चौऱ्याहत्तर वर्षांचे होते. त्यांनी उड्यांचा भार हळूहळू वाद्यांवर, थांबण्यावर आणि पाहण्यावर नेला होता. स्वित्झर्लंडचे दिमित्री २०१६ मध्ये ऐंशीव्या वर्षी वारले, तेव्हाही रंगमंचावर काम करत होते. १९७५ मध्ये त्यांनी वेर्शो या छोट्या गावात काढलेल्या शाळेतून नटांच्या पिढ्या बाहेर पडल्या आहेत. चाळिशीनंतर विदूषकाचे काम राहते, बहुधा सुधारतेही, पण त्यासाठी तिशीतच प्रयोग बदलायला सुरुवात करावी लागते.

आणखी एक गोष्ट, जी नारायणगाव फाटा यांच्या प्रश्नाशीही जोडलेली आहे. रशियाचे स्लावा पोलुनिन यांनी १९९३ मध्ये रचलेला बर्फाचा प्रयोग आजही जगभर फिरतो, आणि कित्येक रात्री मुख्य विदूषकाची भूमिका दुसराच नट करत असतो. प्रयोगाचे हक्क पोलुनिन यांच्याकडे आहेत, म्हणून ते स्वतः रंगमंचावर नसतानाही प्रयोग त्यांना पोसतो. आपल्या सोंगाड्याची बतावणी त्याच्याबरोबर संपली, कारण ती कोणाच्या नावावर नोंदलेली नव्हती. मुलीने पहिला प्रयोग रचला, की तो पूर्ण चित्रित करावा, प्रसंगांची लेखी संहिता करावी, आणि सहकाऱ्यांसह रचला असेल तर हक्कांची वाटणी पहिल्या प्रयोगाआधीच कागदावर आणावी. शब्द नसलेल्या प्रयोगाचीही मूकनाट्य म्हणून प्रताधिकार नोंदणी होऊ शकते, मात्र त्यासाठी हालचालींची मांडणी लेखी किंवा अन्य स्वरूपात पक्की झालेली असावी लागते.

वॉर्डातली फेरी

हक्कांचा मुद्दा आल्याबद्दल आभारी आहे. वॉर्डातल्या खेळांचे चित्रण आम्ही करत नाही, कारण मुलांचे चेहरे येतात. पण प्रत्येक फेरीनंतर दोघे मिळून वहीत लिहितो की काय केले, कोठे अडले, कोणता खेळ कोणी सुचवला. त्या वहीचा असा उपयोग होईल, हे आजवर लक्षात आले नव्हते.

अंधारातला प्रेक्षक

शंकांचे निरसन झाले. खर्चाबाबत माझे मत अजून तेच आहे. तरी दीडशे आसनांच्या जागेत असा एखादा प्रयोग लागला, तर तो कोणत्या तारखेला आहे, ते या धाग्यावर अवश्य कळवावे.